नाटक संपल्यावर बाई कुठे जाते?

मागच्या हंगामात आमच्या संघटनेच्या बैठकीत एक निवेदन सह्यांसाठी फिरत होते. मंडईत आणि शंकरपटाच्या गावांत होणारे ‘डान्स हंगामे’ ताबडतोब बंद करावेत, अशी मागणी त्यात होती. निवेदन जिल्हाधिकाऱ्यांना द्यायचे ठरले होते. बैठकीतल्या जवळजवळ सगळ्यांनी सही केली, मी केली नाही. इतक्या वर्षांच्या कामात असे पहिल्यांदाच घडले. दारूबंदीच्या मोर्चात जिच्या बरोबर चालले ती मैत्रीण म्हणाली, “ताई, तुम्ही पण? उद्या लोक म्हणतील, बायांच्या संघटनेलाच नाच पाहिजे.” त्या दिवशी मला नीट उत्तर देता आले नाही. ते द्यावे म्हणून हा लेख. माझे सगळे पटेलच असे नाही, पण वाद तरी मोकळेपणाने व्हावा.

पुण्या-मुंबईच्या मैत्रिणींसाठी आधी थोडी ओळख. चंद्रपूर, गडचिरोली, भंडारा, गोंदिया हा पूर्व विदर्भाचा जंगलाचा आणि धानाचा पट्टा म्हणजे झाडीपट्टी. धान निघून हाती चार पैसे आले, दिवाळी झाली, भाऊबीज आटोपली की गावोगाव मंडई भरते आणि तिथून होळीपर्यंत नाटकांचा हंगाम चालतो. दिवसा शंकरपट म्हणजे बैलांची शर्यत, रात्री नाटक. रात्री दहाला सुरू झालेला खेळ पहाटे संपतो. कापडाचा शामियाना, समोर ऑर्गन आणि तबला, आणि हजारोंनी माणसे. वडसा, म्हणजे देसाईगंज, हे या व्यवसायाचे केंद्र. तिथे नाटक कंपन्यांची कार्यालये आहेत. गावाचे मंडळ तिथे जाऊन नाटक ‘बुक’ करते आणि तिकीट लावून खर्च भरून काढते. सरकारी अनुदानाची वाट न पाहता, शेतमजूर आणि लहान शेतकरी यांच्या तिकिटावर जगणारी अशी रंगभूमी महाराष्ट्रात दुसरीकडे क्वचितच असेल. मुंबईच्या नाट्यसृष्टीला तिची दखल घ्यायला फार वर्षे लागली. कुरखेडा तालुक्यातल्या गुरनोलीचे परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली, तेव्हा अनेकांनी ‘झाडीपट्टी’ हा शब्द पहिल्यांदा ऐकला.

मी याच मातीतली. नाटकाच्या रात्रीसाठी आम्ही वर्षभर वाट पाहायचो. लग्न झालेल्या बहिणी माहेरी यायच्या, पाहुण्यांनी घर भरायचे. सोयरिकी जुळायच्या त्या याच दिवसांत. पण एक गोष्ट मला फार उशिरा लक्षात आली. घरात वीस पाहुणे असले की चूल संध्याकाळी चारला पेटायची आणि रात्री अकराला विझायची. पुरुष जेवून जागा धरायला जायचे. भांडी घासून, लेकरांना पांघरूण घेऊन, आई शामियान्यात पोचायची तेव्हा दुसरा अंक सुरू झालेला असायचा. माझ्या आईने आयुष्यात कुठल्याच नाटकाचा पहिला अंक पाहिला नाही. ती शेजारणीला विचारायची, “आतापर्यंत काय झालं व?” आणि शेजारीणही तिच्याच मागून आलेली असायची.

आता केरळ. झाडीपट्टीच्या गोष्टीत केरळ कुठून आले, असे वाटेल. ते आले एका सिस्टरमुळे. आमच्या जिल्ह्यात अनेक वर्षे नोकरी करून निवृत्त झालेल्या एक मल्याळी परिचारिका आमच्या बैठकांना येतात. दोन वर्षांपूर्वी महिला दिनाला चित्रपट दाखवायचा होता. त्यांनी सुचवला ‘द ग्रेट इंडियन किचन’. जिओ बेबी यांचा हा चित्रपट २०२१ च्या जानेवारीत आला. मोठ्या कंपन्यांनी आधी तो घेतला नव्हता. एका लहान मल्याळी मंचावर आला आणि मग देशभर पाहिला गेला. आम्ही तो समाजमंदिरात भिंतीला चादर लावून दाखवला. सिस्टर बाजूला उभ्या राहून जमेल तसे मराठीत सांगत होत्या. पण खरे तर सांगायची गरजच पडत नव्हती. चिरणे, दळणे, वाढणे, उष्टी उचलणे, गळणारे भांडी धुण्याचे बेसिन. सासरा म्हणतो चटणी पाट्यावरच वाटलेली हवी, भात कुकरमध्ये नको, कपडे मशीनमध्ये नकोत. नवऱ्याला बेसिन दुरुस्त करायला माणूस बोलावणे जमत नाही. पाळीच्या दिवसांत तिला कोपऱ्यात बसवतात. मागे शबरीमलाचा वाद चालू आहे. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये सर्व वयाच्या स्त्रियांना त्या मंदिरात प्रवेश खुला केला होता, तो काळ. शेवटी ती बेसिनखालचे घाण पाणी नवऱ्याच्या आणि सासऱ्याच्या अंगावर फेकते आणि घर सोडते.

समाजमंदिरात बाया टाळ्या वाजवून थकेनात. रोवणीला जाणारी एक म्हातारी म्हणाली, “आमच्या घरी पाटा गेला, मिक्सर आला, पर टाइम तेवढाच लागते.” मला माझी आई आठवली. पहिला अंक न पाहिलेली.

त्या रात्री मी सिस्टरना विचारले, तुमच्याकडे असे चित्रपट कसे निघतात? त्या म्हणाल्या, एका दिवसात निघाले नाहीत. पुढे मी वाचत गेले, विचारत गेले. त्यातले थोडे इथे सांगते, कारण आपल्या पट्ट्यासाठी ते उपयोगी आहे.

केरळात चित्रपटाच्या आधी नाटक गावोगाव गेले. १९५२ मध्ये तोप्पिल भासी यांचे ‘निंगळेन्ने कम्युनिस्टाक्की’ हे नाटक केपीएसी या संस्थेने रंगमंचावर आणले आणि जमीन, जात, मजुरी हे विषय तिकीट काढून पाहण्याचे झाले. १९५४ च्या ‘नीलक्कुयिल’मध्ये अस्पृश्यता आली. १९६५ मध्ये रामू करियाट यांचा ‘चेम्मीन’ राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळवणारा दक्षिणेतला पहिला चित्रपट ठरला. त्याच वर्षी अडूर गोपालकृष्णन आणि त्यांच्या मित्रांनी तिरुवनंतपुरमला ‘चित्रलेखा’ ही फिल्म सोसायटी सुरू केली. मग अशा सोसायट्या लहान गावांतही पसरल्या. वाचनालयांची चळवळ आधीपासून होतीच, त्यामुळे चित्रपट पाहून त्यावर बोलणारा प्रेक्षक तयार झाला. अडूर यांचा ‘स्वयंवरम’ १९७२ चा. जॉन अब्राहम आणि त्यांच्या ओडेसा या गटाने तर १९८६ चा ‘अम्मा अरियान’ लोकांकडून वर्गणी गोळा करून काढला. गावोगाव जायचे, चित्रपट दाखवायचे, पैसे मागायचे, आणि त्यातून नवा चित्रपट उभा करायचा. हे वाचले तेव्हा मला आमचे गावमंडळ आठवले. लोकांच्या पैशावर कला जगू शकते, हे त्यांनी पडद्यावर दाखवले आणि आम्ही शामियान्यात दाखवतोच आहोत.

पण याच इतिहासाची दुसरी बाजू आहे, आणि ती पहिल्या पानापासून आहे. मल्याळमचा पहिला मूकपट ‘विगतकुमारन’, जे. सी. डॅनियल यांचा, १९२८-३० च्या सुमाराचा. त्याची नायिका पी. के. रोझी. ती दलित मजूर घरातली आणि काकारिशी या लोकनाट्यात काम करणारी. चित्रपटात तिने नायर स्त्रीची भूमिका केली. दलित बाईने सवर्ण बाई होऊन पडद्यावर यावे, हे उच्चवर्णीयांना सहन झाले नाही. खेळात दगडफेक झाली, तिचे घर जाळले, ती तमिळ मुलखात पळून गेली आणि पुढचे आयुष्य तिने अनामिक काढले. ज्या चित्रपटाने मल्याळम सिनेमा सुरू झाला, त्याची नायिकाच हाकलली गेली.

आपल्याकडे तरी काय वेगळे होते? फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये, १९१३ साली, तारामती झाले ते अण्णा साळुंके, कारण चित्रपटात काम करायला बाई मिळेना. त्याच वर्षीच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई आल्या. नवऱ्यापासून वेगळी राहणारी, मुलीला घेऊन पोट भरणारी ती बाई होती, म्हणून ती येऊ शकली. आमच्या दंडारीत आणि खडी गंमतीत बाईचे काम पुरुषच करायचा. झाडीपट्टीच्या नाटकांतही सुरुवातीला तेच. बाईचे दुःख रंगवायचे पुरुषाने, आणि खऱ्या बाईने ते पदराआडून पाहायचे. नंतर हळूहळू नागपूरकडून आणि इतर ठिकाणांहून स्त्री कलावंत येऊ लागल्या. आज बाईशिवाय झाडीपट्टीचे नाटक उभे राहत नाही. नवरगावच्या सदानंद बोरकरांच्या ‘माझं कुंकू मीच पुसलं’सारखी नावे पाहिली तरी कळते की या रंगभूमीचा डोलारा बाईच्या गोष्टीवर उभा आहे. समोर बसलेला निम्मा समाज बायांचा आहे. त्या रडतात, त्यांना वाटते हे आपलेच आहे.

प्रश्न असा, की जिच्यामुळे नाटक उभे आहे ती बाई नाटक संपल्यावर कुठे जाते?

दोन वर्षांपूर्वी होळीनंतर एक कलावंत बाई आमच्याकडे आली. तिचे आणि कंपनीचे नाव लिहीत नाही, तिला पुढे काम करायचे आहे. वय पस्तिशीच्या आत, घरी म्हातारी आई आणि शाळेतला मुलगा. तिचे काम ‘नाईट’वर. एका खेळाचे ठरलेले पैसे, तेही तोंडी. हंगामाच्या शेवटच्या अकरा नाईटचे पैसे तिला मिळाले नव्हते. विचारले की उत्तर मिळायचे, “पुढच्या वर्षी धरून देऊ.” कागद काही नाही. एका पहाटे खेळ संपल्यावर गाडीने तिला साडेचारला एका फाट्यावर उतरवून दिले. एसटी सहाला. थंडी, धुके, दोन्हीकडे जंगल. आमच्या ब्रह्मपुरी, सिंदेवाही, सावली भागात वाघाने माणूस मारल्याची बातमी नवीन नाही. पण ती म्हणाली, वाघाची भीती नव्हती. त्याआधी कंपनीतला एक जण म्हणाला होता की लॉजवर चल, सकाळी जाशील. तिने नाही म्हटले, म्हणून फाटा. तिने ही गोष्ट कंपनीच्या मालकाच्या कानावर घातली. पुढच्या हंगामाचा तिला फोन आला नाही.

तिच्याबरोबर आम्ही एका सरकारी कार्यालयात गेलो. तिथल्या बाबूंनी कागद वाचला आणि विचारले, “पण हे कामाचं ठिकाण कसं होईल? हे तर नाटक आहे.” बाहेर आल्यावर ती मला म्हणाली, “ताई, मले सांगा, रात्रभर काम केलं ते काम नाही त काय आहे?”

कंपनी म्हणते, ती आमची नोकर नाही, पाहुणी कलावंत आहे. गावमंडळ म्हणते, आम्ही कंपनीला ठोक रक्कम दिली, आतले आम्हाला माहीत नाही. दोघांच्या मध्ये बाई फाट्यावर उभी.

हे ऐकून मला केरळचे पुढचे प्रकरण समजले. फेब्रुवारी २०१७ मध्ये कोचीजवळ एका नावाजलेल्या अभिनेत्रीला गाडीतून पळवून तिच्यावर अत्याचार झाला. ती गप्प बसली नाही. तिच्या मागे काही जणी उभ्या राहिल्या आणि त्यांनी ‘वुमन इन सिनेमा कलेक्टिव्ह’ ही संघटना काढली. त्यांनी मुख्यमंत्र्यांकडे मागणी केली ती एका गुन्हेगाराच्या शिक्षेपुरती नव्हती. या सगळ्या व्यवसायात बाई कशी काम करते, त्याची चौकशी करा, असे त्या म्हणाल्या. सरकारने न्यायमूर्ती के. हेमा यांची समिती नेमली. ज्येष्ठ अभिनेत्री शारदा आणि निवृत्त सनदी अधिकारी के. बी. वलसलाकुमारी या तिच्या सदस्य. अहवाल डिसेंबर २०१९ मध्ये सरकारला दिला गेला आणि साडेचार वर्षे कपाटात राहिला. माहिती अधिकाराच्या लढाईनंतर, काही भाग वगळून, १९ ऑगस्ट २०२४ रोजी तो बाहेर आला.

त्यात काय होते? चित्रीकरणाच्या जागी संडास नाही, कपडे बदलायला आडोसा नाही. पाळीच्या दिवसांत मुली पाणीच पीत नाहीत. लेखी करार नाही. ठरलेले पैसे मिळत नाहीत. काम हवे तर ‘तडजोड’ करावी लागते. रात्री मुक्कामाच्या ठिकाणी दार ठोठावले जाते, म्हणून बाया घरचे माणूस बरोबर आणतात. ज्युनिअर कलावंतांना माणसासारखे वागवत नाहीत. आणि बोलली तर काम बंद.

मैत्रिणींनो, मी हा अहवाल जसजसा समजून घेत गेले तसतसे मला वाटू लागले की वडशाच्या नाटक कंपनीबद्दल वाचते आहे. संडास, कागद, पैसे, गाडी, दार. तेच.

ज्या चित्रपटसृष्टीने ‘द ग्रेट इंडियन किचन’ दिला, विधू विन्सेंटसारख्या दिग्दर्शिकेने गटार साफ करणाऱ्यांवरचा ‘मॅनहोल’ २०१६ मध्ये दिला, तिच्याच सेटवर बाईला लघवीला जायची सोय नव्हती. तेव्हा कला मोठी झाली म्हणून तिथली बाई सुखी झाली, असा हिशेब मांडता येत नाही. कलेची उंची आणि कामाच्या जागेची नीती या दोन वेगळ्या लढाया आहेत. पहिली जिंकली तर दुसरी आपोआप जिंकली जात नाही. पण पहिलीने एक गोष्ट मात्र दिली, असे मला वाटते. तिथल्या प्रेक्षकाला चित्रपटावर गंभीरपणे बोलायची सवय होती. म्हणून अभिनेत्री बोलल्या तेव्हा तो विषय चघळण्याच्या पानावरून निघून विधानसभेत आणि न्यायालयात गेला. त्यांच्याच याचिकेवर केरळ उच्च न्यायालयाने मार्च २०२२ मध्ये सांगितले की चित्रपटाच्या निर्मितीच्या ठिकाणी तक्रार समिती हवीच. अहवाल आल्यावर कलाकारांच्या ‘अम्मा’ या संस्थेच्या कार्यकारिणीला राजीनामा द्यावा लागला आणि २०२५ मध्ये त्या संस्थेला पहिली स्त्री अध्यक्ष मिळाली. या बायांनी आपल्या फिल्म सोसायटीला नाव दिले पी. के. रोझीचे. नव्वद वर्षांनी का होईना, हाकललेल्या बाईला त्यांनी घरी आणले.

आता माझ्या न केलेल्या सहीकडे येते.

माझ्या मैत्रिणींचे म्हणणे खोटे नाही. डान्स हंगाम्यात पिऊन आलेले पुरुष असतात, नोटा उधळल्या जातात, घाणेरडे बोलले जाते. धान विकून आलेला पैसा तिथे जातो आणि घरी बाई उधारीवर मीठ आणते. नाटकाच्या मधेही आता नाच घुसडावा लागतो, नाहीतर तिकीट जात नाही, असे जुने कलावंत दुःखाने सांगतात. लहान मुली आणल्या जात असतील तर तो सरळ गुन्हा आहे आणि तिथे मी पोलिसात जाणारी पहिली असेन.

पण बंदी कोणावर येते? आपण दारूबंदीसाठी लढलो. गडचिरोलीत १९९३ पासून दारूबंदी आहे. चंद्रपूरच्या बाया २०१० मध्ये चिमूरहून नागपूरच्या अधिवेशनावर पायी गेल्या. २०१५ मध्ये इथे बंदी आली, २०२१ मध्ये सरकारने ती उठवली. ती लढाई धंदा करणाऱ्यांशी होती. हंगामा बंद करा म्हटले की आयोजक दुसऱ्या गावाला जातो, पुढारी हात झटकतो. गुन्हा दाखल होतो तेव्हा वर्तमानपत्रात फोटो येतो तो नाचणाऱ्या मुलीचा. २००५ मध्ये राज्य सरकारने डान्स बार बंद केले, तेव्हा आपल्या स्त्रीसंघटनांतही दोन तट पडले होते, हे जुन्या वाचक मैत्रिणींना आठवेल. त्या वेळी मी बंदीच्या बाजूने होते. २००६ मध्ये उच्च न्यायालयाने आणि २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती बंदी टिकू दिली नाही. पण मधल्या काळात ज्यांचा रोजगार गेला त्या बाया कुठे गेल्या, याची चौकशी आमच्यापैकी किती जणींनी केली? मी केली नाही. हे मला आज कबूल केले पाहिजे.

आणखी एक गोष्ट. त्या चित्रपटातली सून घर सोडल्यावर काय करते, आठवते का? ती नाच शिकवते. लग्नाआधी ती नाचच शिकलेली असते. तिने घाण पाणी फेकले तेव्हा आपण टाळ्या वाजवल्या, आणि ती नाच बसवते आहे हे पाहून सुटलो असे वाटले. तोच निर्णय आपल्या शेजारच्या गावातल्या मुलीने घेतला, नवरा सोडला आणि पोटासाठी स्टेजवर नाचायला गेली, तर आपण तिच्या विरोधात निवेदन लिहितो. तिचा नाच शास्त्रीय नाही, एवढाच फरक? की ती गरीब घरची आहे आणि रात्री बाहेर असते, हा? याचे उत्तर प्रत्येकीने स्वतःशी द्यावे.

नाच बरा की वाईट, कला की अश्लीलता, या वादात मी पडत नाही. चांगला नाच करणाऱ्या बाईलाच हक्क आणि वाईट करणारीला नाही, असे कुठल्याच कायद्यात नाही. चांगले नाटक हवे असेल तर तेही बंदीने येणार नाही. केरळात चांगला चित्रपट आला तो प्रेक्षक घडवून. आपल्याकडे प्रेक्षक आहे, निम्मा बायांचा आहे. त्याच्याशी आपण नाटकाबद्दल कधी बोललोच नाही. बचत गटाच्या बैठकीत खाते-व्याज बोलतो. काल रात्री पाहिलेल्या नाटकात सुनेने माफी का मागितली, हे का बोलू नये?

आणि कायदा आहे. कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धचा २०१३ चा कायदा, ज्याच्या मागे १९९७ चा विशाखा निकाल आहे, तो मनोरंजनाच्या व्यवसायालाही लागू आहे. कामासाठी बाई जिथे जाते ती जागा, आणि मालकाने दिलेली गाडी, हेही त्यात ‘कामाचे ठिकाण’ धरले आहे. म्हणजे शामियाना धरला आहे, मुक्कामाची खोली धरली आहे आणि फाट्यावर उतरवणारी ती गाडीही धरली आहे. दहा किंवा जास्त माणसे कामाला असतील तिथे अंतर्गत समिती हवी. नाटक कंपनीत नट, वादक, पडदेवाले मिळून दहा सहज होतात. कमी असतील किंवा तक्रार खुद्द मालकाविरुद्ध असेल, तर जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे जाता येते. मुदत तीन महिन्यांची, आणि योग्य कारण असेल तर आणखी तीन. आमच्या त्या बाबूंना हे सांगायला मला दोन खेपा घालाव्या लागल्या. पण तिसऱ्या खेपेला अर्ज घेतला गेला.

तेव्हा त्या निवेदनाऐवजी दुसरे लिहावे, असे मी सुचवते. मागण्या साध्या आहेत. प्रत्येक स्त्री कलावंताला हंगामाच्या सुरुवातीला लेखी करार, त्यात नाईटचे पैसे आणि ते कधी मिळणार हे. जे गाव नाटक बुक करील त्या गावमंडळाने शामियान्यामागे बायांसाठी संडास आणि कपडे बदलायला बंद खोली द्यावी, उजेडासह. शाळेची खोली असते, ग्रामपंचायतीचे सभागृह असते. अशक्य काही नाही. खेळ संपल्यावर बाईला घरापर्यंत किंवा उजाडेपर्यंत सुरक्षित जागेत ठेवण्याची जबाबदारी कंपनीची. कंपन्यांनी मिळून एक समिती करावी आणि तिच्यावर बाहेरची बाई सदस्य आमच्यासारख्या संघटनेची असावी. जिल्हा समितीचा फोन नंबर नाटकाच्या तिकीटबारीवर लावावा. स्टेजवर प्रेक्षकाने चढायचे नाही, अल्पवयीन मुलगी उभी करायची नाही, आणि मोडले तर गुन्हा आयोजकावर. हा नियम नाटकालाही आणि हंगाम्यालाही.

कोणी म्हणेल, असे केले तर नाटक महाग होईल, कंपन्या बुडतील, झाडीपट्टीची परंपरा संपेल. २०२० च्या टाळेबंदीने एक हंगाम बुडाला तेव्हा कलावंतांच्या घरी चूल पेटत नव्हती, हे मी पाहिले आहे. व्यवसाय नाजूक आहे, मान्य. पण परंपरेची काळजी नेहमी बाईच्याच खिशातून का करायची? शंकरपटातल्या बैलांना टोचू नये, मारू नये, यासाठी सर्वोच्च न्यायालयापर्यंत वाद गेला. २०१४ मध्ये शर्यती बंद झाल्या, २०२१ मध्ये अटी घालून परत सुरू झाल्या. आता पट भरवायचा तर अटी पाळाव्याच लागतात. बैलासाठी अटी लागू होऊ शकतात आणि पट तरीही भरतो. मग त्याच मैदानावर रात्री उभ्या राहणाऱ्या बाईसाठी अटी का नकोत?

२०२४ मध्ये कान महोत्सवात पायल कपाडिया यांच्या ‘ऑल वी इमॅजिन अॅज लाइट’ला ग्रां प्री मिळाले. त्यात मुंबईतल्या दोन मल्याळी परिचारिका आहेत आणि छाया कदम यांनी केलेली पार्वती आहे, रुग्णालयात स्वयंपाक करणारी कोकणी बाई. वर्षानुवर्षे राहिलेली खोली बिल्डर घेतो, आणि ती आपली आहे हे दाखवायला तिच्याकडे एक कागद नसतो. नवऱ्याने कधी काही सांगितलेच नव्हते. शेवटी ती गावी जाते. सिस्टर आणि मी तो चंद्रपुरात एकत्र पाहिला. त्या मल्याळम ऐकत होत्या, मी मराठी. बाहेर पडताना त्या म्हणाल्या, “दोघींची गोष्ट एकच आहे.” मला ती फाट्यावरची बाई आठवत होती. तिलाही कागद नव्हता.

तिच्या अर्जाचे पुढे काय झाले, ते सांगून थांबते. अकरापैकी सात नाईटचे पैसे मिळाले. छळाची तक्रार अजून चालू आहे. या हंगामात तिला दुसऱ्या कंपनीने घेतले. जाण्याआधी तिने त्यांच्याकडे कागद मागितला. त्यांनी वहीच्या पानावर दर आणि तारखा लिहून सही करून दिली. ती म्हणाली, “पयल्यांदा मागितलं ताई, त भेटलं.” वहीचे पान न्यायालयात किती टिकेल, मला सांगता येत नाही. पण मागितले आणि मिळाले, हे तिला आता माहीत आहे.

पुढच्या बैठकीत मी नव्या निवेदनाचा मसुदा मांडणार आहे. ज्यांनी जुन्यावर सही केली त्यांनी तो आधी फाडावा असे मी म्हणत नाही. त्यांनी एका रात्री माझ्याबरोबर शामियान्याच्या मागच्या बाजूला यावे, एवढेच. आपण सगळ्या समोरून पाहत आलो आहोत. तुमच्या भागात तमाशाच्या फडात, ऑर्केस्ट्रात, भजनी मंडळात काम करणाऱ्या बायांची काय स्थिती आहे, तुम्ही काय केले, ते अवश्य कळवा. माझे चुकत असेल तर तेही लिहा.